कासीम मास्तरांचा बेंजो

विजापूर वेशीत माझं फ्लेक्स छापायचं दुकान आहे. शेजारचा गाळा जोतिराम बँडवाल्याचा. मधली भिंत इतकी पातळ, की इकडं मी कुणाच्या वाढदिवसाचा फ्लेक्स काढत असलो की तिकडच्या तालमीचा सूर मशीनच्या आवाजावरून तरंगत यायचा. कासीम मास्तरांना मी असा आधी कानानंच ओळखायला लागलो.

बँडमध्ये क्लॅरनेट वाजवणाऱ्याला मास्तर म्हणतात. गाणं तो धरतो आणि बाकीचे त्याच्या मागनं येतात. कासीम शेख ऐन तरुणपणापासून जोतिरामकडं मास्तर होते. मी दुकान टाकलं तेव्हा त्यांनी पन्नाशी ओलांडली होती. उंच, किडकिडीत अंगकाठी, बारीक कातरलेली दाढी आणि बोलणं मोजकं. तालीम संपली की माझ्या दुकानातल्या प्लास्टिकच्या खुर्चीत येऊन बसायचे. मी त्यांना चाचा म्हणायचो. मी बुधवार पेठेतला. आमच्या जयंतीच्या मिरवणुकीत दर चौदा एप्रिलला पुढं चाचाच असायचे, त्यामुळं आमच्या गल्लीतली म्हातारी माणसंही त्यांना नावानं हाक मारायची.

पण त्यांचं नाव होतं ते पाठवणीसाठी. मुलगी सासरी निघाली की बाकीचा बँड गप्प व्हायचा आणि चाचा एकटे क्लॅरनेट धरायचे. एक सूर ते असा ओढत न्यायचे, की तोवर जेवणाच्या पंगतीचा हिशोब बघत बसलेला मुलीचा बापही तोंड फिरवायचा. लग्नाची तारीख धरायला आलेली माणसं जोतिरामला पहिल्यांदा हेच विचारायची, "पाठवणीला कासीम मास्तर हायत न्हवं?" अक्कलकोटपासून करमाळ्यापर्यंत हे चालायचं. चाचांना त्याचा अभिमान होता आणि तो ते लपवतही नसत. रस्त्यानं एखादी बेंजो पार्टी कर्णे लावून दणदणत गेली की म्हणायचे, "हे वाजवणं न्हवं रे. ही टायपिंग हाय."

दोन वर्षांपूर्वीच्या थंडीत एक दिवस सकाळी चूळ भरताना त्यांच्या तोंडाच्या डाव्या बाजूनं पाणी आपोआप गळायला लागलं. त्यांना वाटलं, झोप उतरली नाही. अजीजाचाचींनी चहा दिला, तोही ओघळला. चाचींनी नीट बघितलं तर डावा डोळा मिटत नव्हता आणि ओठ एका बाजूला ओढला गेला होता.

"मुँह कू क्या हुआ जी तुमारे?" त्या म्हणाल्या.

चाचांना उत्तर द्यायचं होतं, पण शब्द वाकडे पडले.

डॉक्टरांनी तपासून सांगितलं, डोक्यातला झटका नाही, चेहऱ्याच्या नसेचा लकवा आहे, बहुतेकांचा बरा होतो. गोळ्या दिल्या, डोळ्यात घालायचे थेंब दिले आणि व्यायाम शिकवणाऱ्या एका मुलीकडं पाठवलं. गल्लीतल्या कुणीतरी कबुतराचं रक्त चोळायला सांगितलं. चाचींनी त्याला दारातूनच वाटेला लावलं.

चाचांनी व्यायाम मन लावून केला. भुवई उचलायची, गाल फुगवायचे, ओठ मिटून "पा, बा, मा" म्हणायचं, नळीतून पाण्यात बुडबुडे काढायचे. माझ्या दुकानात काचेपुढं उभे राहून ते "पा, बा, मा" करायचे आणि गिऱ्हाईक आलं की खुर्चीत बसून पेपर उघडायचे. हळूहळू डोळा मिटायला लागला, बोलणं सुधारलं. फेब्रुवारीच्या शेवटाला तर अनोळखी माणसाला कळलंही नसतं. ओठाचा डावा कोपरा तेवढा राहिला. तिथं जोर यायचा नाही.

"एवढं तर चालतंय की," मी म्हणालो.

"चालायला काय, चालतंय," चाचा म्हणाले. "पण क्लॅरनेट ओठानं दाबून धरावा लागतो. ही फट राहिली तर हवा पळती."

त्या वर्षीच्या जयंतीला ते वाजवायला आले नाहीत. मी सांगायला गेलो तर म्हणाले, "तब्येत पुरती होऊ दे, पुढच्या वर्षी बघू." त्यांच्या मनात मे महिना होता. मेमध्ये मोहोळला एक मोठं लग्न होतं. मुलीच्या आईच्या लग्नातही पाठवणी चाचांनीच वाजवली होती, आणि आता मुलीलाही तेच पाहिजे होते. जोतिरामनं मागंपुढं केलं, पण चाचा म्हणाले, "येतो."

तिथं काय झालं ते मला जोतिरामनं दुसऱ्या दिवशी सांगितलं. मिरवणूक इतरांनी सांभाळली. पाठवणीची वेळ झाली, चाचा पुढं आले. खालचे सूर बरे निघाले. मग तो वरचा सूर आला, जो ओढत न्यायचा. तिथं ओठाच्या कोपऱ्यातनं हवा सुटली आणि सुराऐवजी फुस्स असा आवाज झाला. चाचांनी परत धरला, परत तेच. वऱ्हाडातल्या दोघी-तिघी तोंडावर पदर घेऊन हसल्या. त्यांना काय माहीत असणार? नवरीनं मात्र वळून बघितलं. चाचांनी गाणं सोडलं नाही, खालच्या सुरात कसंबसं पुरं केलं. परत येताना टेम्पोत कुणीच काही बोललं नाही.

"म्या काय बोलणार?" जोतिराम म्हणाला. "बोललो असतो तर त्येनी मान खाली घातली असती. ते मला बघवलं नसतं."

त्यानंतर चाचा बँडमध्ये आले नाहीत. जोतिराम महिनाभर थांबला आणि मग त्यानं मंगळवेढ्याचा कुंडलिक म्हणून एक क्लॅरनेटवाला आणला. त्याला दोष देता येत नव्हता, लग्नं कुणासाठी थांबत नाहीत.

चाचांचं घर शास्त्रीनगरात. मी अधूनमधून जायचो. अजीजाचाची शाळेच्या गणवेशाचे शर्ट शिवतात, कारखान्यातनं कापलेलं कापड घरी येतं. चाचा भिंतीला टेकून शिवलेल्या शर्टांचे लोंबणारे धागे कापत बसलेले असायचे. काम बरोबर करायचे, पण चिडचिड वाढली होती. कुकरची शिट्टी झाली तरी कपाळावर आठी यायची. लग्नसराईत रस्त्यावरनं बँडचा आवाज आला की उठून खिडकी लावून घ्यायचे. त्या गरमीत चाचींना मशीनवर बसून घाम पुसावा लागायचा.

एकदा मी बसलेलो असतानाच असा आवाज आला. चाचा उठले. चाचींनी मशीन थांबवलं.

"खिडकी नक्को लगाव," त्या म्हणाल्या.

"मेरे कू सुनना नक्को वो."

"तो कान में बोळे घालो. मेरे कू हवा होना." मग आवाज खाली आणून म्हणाल्या, "इत्ते साल लोगां कू रुलाए तुम. बस हुआ. अब घर में नक्को रुलाव."

चाचा तसेच खिडकीशी उभे राहिले. बँड लांब जाईपर्यंत उभे होते. खिडकी त्यांनी लावली नाही.

पावसाळा असाच गेला. दसऱ्याच्या सुमाराला गुंडा माझ्या दुकानात आला. गुंडा हे त्याचं नावच, एका बेंजो पार्टीचा मालक, चाळिशीचा, जाडजूड, तोंडानं बडबड्या. त्याला नव्या हंगामाचा फ्लेक्स पाहिजे होता. योगायोगानं चाचा तिथंच बसलेले होते. गुंडानं त्यांना वाकून नमस्कार केला.

"मास्तर, माझा बेंजोवाला पळाला की. डीजे घेतला त्यानं. लगीनसराई तोंडावर हाय, आन माज्याकडं ढोल हाय, ताशा हाय, गाणं धरणारं कोन न्हाय."

"मग?" चाचा म्हणाले.

"तुमी याल का?"

मी मशीनकडं बघायला लागलो. चाचांचा चेहरा उतरला होता. ते म्हणाले, "थट्टा करायला मीच सापडलो व्हय रे तुला?"

"थट्टा कशापायी करू? फुंकायला लागत न्हाय मास्तर. बोटांनी वाजतं. गाणी तर समदी तुमच्या डोक्यात हायत."

चाचा उठून निघून गेले. गुंडानं खांदे उडवले, फ्लेक्सवरचं स्वतःचं तोंड अजून जरा गोरं करायला सांगितलं आणि तोही गेला.

आठवडाभर चाचा फिरकले नाहीत. मग एक दिवस दुपारी आले, खुर्चीत बसले, इकडचं तिकडचं बोलले. निघताना पायरीवरनं मागं वळून म्हणाले, "त्या गुंडाचा नंबर हाय का रे तुज्याकडं?"

ज्यांनी बेंजो जवळनं बघितला नसेल त्यांच्यासाठी सांगतो. लांबट लाकडी पेटी, वर ताणलेल्या तारा, आणि टायपरायटरला असतात तशी बटणं. डाव्या हातानं बटणं दाबायची, उजव्या हातातल्या प्लास्टिकच्या पट्टीनं तारा छेडायच्या. वायर जोडली की आवाज कर्ण्यांतून चार गल्ल्या ओलांडून जातो. चाचा तो गुंडाकडनं रिक्षात घालून माझ्याकडं घेऊन आले. घरी शिकायची त्यांना लाज वाटत होती. दुकानामागं माझी साहित्याची खोली आहे, तिथं फ्लेक्सच्या गुंडाळ्यांत जागा करून दिली.

सुरुवातीला ऐकवत नव्हतं. गाणं त्यांना पाठ होतं, पण हात ऐकत नव्हते. डावा पुढं जायचा, उजवा मागं राहायचा. मनगट आखडायचं. गुंडा संध्याकाळी येऊन शिकवायचा. तोही काही मोठा वाजवणारा नव्हता, पण सुरुवातीचं त्याला येत होतं. आयुष्यभर दुसऱ्यांना सूर दाखवलेला माणूस त्याच्यापुढं मांडी घालून बसायचा आणि गुंडा म्हणायचा, "मास्तर, मनगट ढिलं सोडा. माशी हाकलल्यागत." चाचा मान हलवून माशी हाकलायचे.

भिंतीपलीकडं हे सगळं ऐकू जातच होतं. एक दिवस जोतिराम आला आणि खोलीच्या दारात उभा राहिला. चाचांनी हात थांबवला.

"कासीमभाई," जोतिराम म्हणाला, "हे तुमचं काम न्हवं."

"मग कुटलं माजं?" चाचांनी विचारलं. रागानं नाही, खरंच विचारल्यासारखं.

जोतिराम तसाच परत गेला. नंतर त्यानं पलीकडनं दोन चहा पाठवले.

कुंडलिकही यायला लागला. पोरगा सरळ होता, फुंक चांगली होती, पण पाठवणीला सूर सपाट जायचा. त्यानं संकोचत विचारलं, "मास्तर, तो वरचा सूर कसा न्यायचा?" पहिल्यांदा चाचांनी टाळलं. म्हणाले, "येईल वाजवता वाजवता." दुसऱ्यांदाही तेच. तिसऱ्यांदा त्यांनी बेंजो बाजूला ठेवला आणि गाऊन दाखवलं. त्यांचा आवाज जाडाभरडा, पण सूर कुठून उचलायचा, कुठं थोडा थांबवायचा आणि कुठं सोडून द्यायचा, ते सगळं त्यात होतं. कुंडलिक आठवड्यातनं एक-दोनदा येऊन ते घेऊन जायचा. स्वतःचा क्लॅरनेट मात्र चाचांनी त्याला दिला नाही. जोतिरामनं एकदा सुचवून बघितलं, तर म्हणाले, "विद्या घेऊ दे त्याला. वस्तू माजी हाय." मला ते आवडलं. माणसानं काहीतरी स्वतःपाशी ठेवावं.

डिसेंबरात गुंडाला वळसंगची हळद मिळाली. चाचांचा चारचौघांतला तो पहिला बेंजो. दुपारी टेम्पो निघताना मला म्हणाले, "चल माज्यासंगं." मी दुकानाचं शटर ओढलं आणि गेलो.

वळसंग अक्कलकोटच्या वाटेवर. घरात कानडी, मांडवात मराठी. नवरदेवाला पाटावर बसवून बायका हळद लावत होत्या. चाचा टेम्पोच्या कडेला बेंजो घेऊन बसले आणि त्यांनी एक संथ, जुनं गाणं धरलं. चुकलं काहीच नाही. मला तर ते फार सुरेख वाटलं. पण मांडवात काहीच झालं नाही. माणसं गप्पा मारत राहिली. ताशेवाला हातातली काडी खेळवत बसला. चाचा सूर ओढायला बघत होते, आणि बेंजोला ते जमत नाही. एक बटण म्हणजे एक सूर. दोन बटणांच्या मधे काही नसतं.

गाणं संपलं. गुंडा त्यांच्या कानाशी वाकला. "मास्तर, ओढू नका. हे ओढायचं न्हवं. फेकायचं."

चाचांनी त्याच्याकडं बघितलं. तोंडावर हातरुमाल धरलेला होता, लकव्यापासनं लोकांत बसलं की धरायचे.

तेवढ्यात नवरदेवाची आत्या पुढं आली. बजाबाई तिचं नाव. पन्नाशीची, रुंद हाडाची, हात कोपरापर्यंत पिवळे. "कोण मेलंय का हितं?" ती म्हणाली. "माज्या भाच्याची हळद हाय. जरा पाय हलतील असं वाजवा की मास्तर."

आजूबाजूच्या बायका हसल्या. मला मोहोळची गोष्ट आठवली. पण चाचांनी रुमाल खिशात घातला. पट्टी बोटांत नीट धरली, ताशेवाल्याला मानेनं खूण केली आणि एकदम एक चढं गाणं फेकलं. ताशा लगेच जागा झाला, मागनं ढोल. बजाबाईनं पदर खोचला आणि मांडवाच्या मधोमध जाऊन नाचायला लागली. चांगली नाचत होती असं नाही, पण अंग राखून नव्हती. तिनं नवरदेवाच्या आईला ओढलं, मग शेजारणीला, मग पाटावरच्या नवरदेवालाही. चाचांनी गती वाढवली. दोनदा बटण चुकलं, ते कुणाच्या ध्यानातही आलं नाही. तिसऱ्यांदा चुकलं तेव्हा ते स्वतःच हसले. ओठ एका बाजूला गेला, तसाच हसत राहिले.

परतीच्या वाटेवर चाचांनी बेंजो फडक्यात गुंडाळला. मग म्हणाले, "ह्यो रडवत न्हाय रे."

"कोण?"

"बेंजो. ह्याच्यात रडूच न्हाय. मी उगं शोधत बसलो." आणि मग, "पण त्या बाईनं काय धुमाकूळ घातला."

त्यानंतर सगळं सुरळीत झालं असं मी म्हणणार नाही. लगीनसराई दगदगीची असते, आणि त्या वयात नवा हात बसवणं सोपं नसतं. एका वरातीत तार तुटली आणि पोरांनी आरडाओरडा केला, तेव्हा दोन दिवस ते पार्टीकडं गेले नाहीत. गुंडानं घरी येऊन नेलं. जुने लोक भेटतात, हळहळतात, "मास्तर, तुमच्यासारख्या माणसानं हे..." असं म्हणतात. चाचा ऐकून घेतात. कधीकधी अजूनही त्यांचा दिवस उदास जातो, तेव्हा धागे कापत बसतात आणि चाची त्यांच्याशी फार बोलत नाहीत.

पण एप्रिलमध्ये ते आमच्या मिरवणुकीत आले. टेम्पोवर उंच बसले होते, डोक्याला निळा फेटा. आमच्या गल्लीतली गाणी त्यांना माझ्यापेक्षा जास्त पाठ आहेत. माझी आई, जी कधी ओट्यावरनं खाली उतरत नाही, ती उतरली आणि टेम्पोपुढं चार पावलं नाचून परत ओट्यावर जाऊन बसली.

यंदाच्या मे महिन्यात एक गंमत झाली. होटगीच्या एका लग्नात हळदीला गुंडाची पार्टी होती आणि दुसऱ्या दिवशी लग्नाला जोतिरामचा बँड. मीही चाचांसोबत गेलो होतो. गुंडाचा टेम्पो बिघडला म्हणून आम्ही रात्री तिथंच मुक्काम केला. दुसऱ्या दिवशी पाठवणीच्या वेळेला चाचा मांडवाच्या खांबाला टेकून उभे होते आणि मी त्यांच्या शेजारी. बँड गप्प झाला. कुंडलिक पुढं आला. त्यानं खालचे सूर घेतले, मग वरचा सूर धरला आणि ओढत नेला. चाचांसारखा नव्हे. थोडा घाईनं, पण नेला.

मी चाचांकडं बघितलं. डोळ्यांतनं पाणी वाहत होतं आणि ते पुसतही नव्हते.

"त्रास होतोय का चाचा?" मी हळूच विचारलं. "जायचं का भाईर?"

त्यांनी मानेनंच नको म्हटलं. नवरी गाडीत बसली, गाडी गेली, माणसं पांगायला लागली, तेव्हा म्हणाले, "मी कदी ऐकलंच न्हवतं हे."

"म्हंजे? तुमीच तर वाजवायचा."

"वाजवताना रडता येत न्हाय रे. फुंक तुटती. समदे रडायचे, आन मी सूर सांभाळत उभा." त्यांनी आता बाहीनं तोंड पुसलं. "माजी पोरगी सासरी गेली तवाबी मीच वाजवलं. रडायचं ऱ्हाऊनच गेलं."

कुंडलिक क्लॅरनेट पुसत आमच्याकडं येत होता. काय ऐकायला मिळेल याची धास्ती त्याच्या तोंडावर दिसत होती. चाचांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, "शेवटाला घाई करतोस. नवरी गाडीत बसायच्या आत तुजं संपतंय. तिला निगायला वेळ लागतो, तेवढा दे."

मेकॅनिकनं येऊन टेम्पो सुरू केला होता. गुंडा हाका मारत होता. संध्याकाळी कुंभारीत दुसरी हळद होती. चाचांनी चालता चालता चाचींना फोन लावला आणि जेवायला थांबू नको, उशीर होईल, असं सांगितलं.